मुलींना फी माफ आहे ना, मग कॉलेज पूर्ण फी का मागतंय? (इंजिनिअरिंग, पुणे)

माढ्याचा_भाऊ:
नमस्कार मंडळी, जरा अर्जंट आहे. धाकट्या बहिणीला कॅप राऊंडमधून (शासनाच्या केंद्रीभूत प्रवेश प्रक्रियेतून) पुण्यात एका प्रायव्हेट कॉलेजला कॉम्प्युटर लागलंय. आम्ही ओबीसी, गाव माढा तालुक्यात, वडिलांची शेती थोडी आणि मी चाकणला कॉन्ट्रॅक्टवर. काल ॲडमिशनला गेलो तर काउंटरवर सांगितलं आत्ता पूर्ण फी भरा, स्कॉलरशिप आली की परत देऊ. एवढे पैसे एकदम कुठून आणायचे, वडील म्हणतायत दोन म्हशी विकू आणि उरलेले सावकाराकडून घेऊ, मी त्यांना कसंबसं थांबवलंय. मुलींना फी माफ झाली असं सगळीकडे ऐकलं होतं मग हे काय? आणि महाडीबीटीचा (शासनाच्या स्कॉलरशिप पोर्टलचा) फॉर्म नक्की कधी भरायचा, नॉन-क्रीमीलेयर (ओबीसीतल्या सधन गटात नाही असा दाखला) आहे आमच्याकडे तर उत्पन्नाचा दाखला वेगळा लागतो का, माझा पगार त्यात धरतात का? राहायचा खर्च आहेच वर, कर्वेनगरला रूम बघितली तर भाडं ऐकूनच गप्प बसलो. प्लीज कुणीतरी नीट सांगा.

स्कॉलरशिप_डेस्क:
दादा, आधी म्हशी विकू नका आणि सावकाराकडे तर अजिबात जाऊ नका. मी पुण्यातच एका कॉलेजात स्कॉलरशिप विभागात आहे, रोज हेच बघते.

८ जुलै २०२४ चा शासन निर्णय आहे. ईडब्ल्यूएस (आर्थिकदृष्ट्या दुर्बल), एसईबीसी (सामाजिक आणि शैक्षणिक मागास) आणि ओबीसी मुलींना व्यावसायिक कोर्सला शिक्षण शुल्क आणि परीक्षा शुल्कात आधी ५० टक्के सवलत होती ती १०० टक्के केली, २०२४-२५ पासून. अट म्हणजे कुटुंबाचं वार्षिक उत्पन्न ८ लाखांपर्यंत आणि प्रवेश केंद्रीभूत प्रक्रियेतूनच झालेला हवा. मॅनेजमेंट कोट्याला नाही, आणि अभिमत (डीम्ड) किंवा खाजगी विद्यापीठ असेल तर तिथेही नाही, म्हणून आधी बघा की ते नुसतं विनाअनुदानित कॉलेज आहे की विद्यापीठ आहे. पुण्यात दोन्ही भरपूर आहेत आणि पालक तिथेच गोंधळतात. कॉलेज असेल तर बहिणीची पात्रता बसते, आणि पात्र मुलींकडून प्रवेशाच्या वेळी ही फी घेऊ नका असं शासनाने कॉलेजांना सांगितलेलं आहे.

पण "फी माफ" म्हणजे सगळंच माफ असं नाही हो. डेव्हलपमेंट फी, हॉस्टेल, मेस, बस हे यात येत नाही. शुल्क नियामक प्राधिकरणाच्या वेबसाईटवर त्या कॉलेजची मंजूर फी बघा, शिक्षण शुल्क वेगळं आणि डेव्हलपमेंट वेगळं दिसेल, त्याचा प्रिंट घेऊनच काउंटरला जा. पूर्ण फीच भरा म्हणाले तर शांतपणे म्हणा, हे लेखी द्या. बहुतेक ठिकाणी मग हमीपत्र घेतात, म्हणजे अर्ज नामंजूर झाला तर फी भरू असं, ते द्यायला हरकत नाही. तरीही ऐकलं नाही तर शिवाजीनगरला तंत्रशिक्षण सहसंचालकांचं विभागीय कार्यालय आहे, तिथे अर्ज द्या आणि पोच घ्या. पोच घेतल्याशिवाय निघू नका.

दाखल्याचं. नॉन-क्रीमीलेयर असला तरी उत्पन्नाचा दाखला वेगळाच लागतो, तो तहसीलदारांचा. दोन्हींचा हिशोबच वेगळा असतो, नॉन-क्रीमीलेयर ठरवताना शेतीचं उत्पन्न आणि पगार धरत नाहीत, उत्पन्नाच्या दाखल्यात सगळं धरतात. तुमचा पगार नाही, आई-वडिलांचं उत्पन्न बघतात. वडील गावी असतील तर दाखला माढ्यातूनच काढा, इथे पुण्यात सेतूत रांग लावून उपयोग नाही. आपले सरकार पोर्टलवर किंवा गावच्या ई-सेवा केंद्रात होतो पण तलाठ्याचा अहवाल लागतो आणि ॲडमिशनच्या दिवसांत तिथे गर्दी असते, म्हणून आजच वडिलांना फोन करा.

टीई_मेकॅनिकलवाली:
ताईंनी सगळं सांगितलंच आहे, मी फक्त बँकेचं सांगते कारण आमच्या बॅचमधल्या कितीतरी मुलींचे पैसे याच्यावरून अडकले होते. आधार बँकेला "लिंक" असणं आणि एनपीसीआयला (बँकांमधले पैसे इकडून तिकडे पाठवणारी यंत्रणा) सीड म्हणजे जोडलेलं असणं वेगळं आहे. डीबीटीचे म्हणजे सरकारकडून थेट खात्यात येणारे पैसे सगळ्यात शेवटी ज्या खात्याला आधार सीड झालं त्यातच जातात, मग तुम्ही पासबुक कुठलंही दाखवा. कधीतरी सिमकार्ड घेताना कुणी पेमेंट बँकेचं खातं उघडून दिलेलं असतं आणि ते लक्षातही नसतं, पैसे तिकडे जातात. माय आधारच्या साईटवर बँक सीडिंग स्टेटस दिसतं, बहिणीचं आत्ताच बघा. दुसरं म्हणजे तिच्या आधारला मोबाईल नंबर तिचा स्वतःचाच हवा. ओटीपी त्यावर येतो आणि इंजिनिअरिंगची चारही वर्षं लागणार आहे, दरवर्षी रिन्यूअल असतं. नावाचं स्पेलिंग दहावीच्या मार्कशीटवर आणि आधारवर एकच आहे ना तेही बघून घ्या.

माढ्याचा_भाऊ:
खूप खूप आभार, थोडा जीवात जीव आला. कॉलेजच आहे, विद्यापीठ नाही, आत्ताच बघितलं. डेव्हलपमेंट फीचं आम्ही जमवू. वडिलांना फोन केला, ते उद्याच तलाठ्याकडे जातायत. बहिणीच्या आधारला मात्र वडिलांचा नंबर निघाला, तो उद्या बदलून घेतो. आता राहायचं काय करावं? रूमचं भाडं, खाणावळ मिळून महिन्याचा आकडा माझ्या पगारात बसत नाही.

जुना_पुणेकर_मास्तर:
भाऊ, राहण्यासाठी वेगळी योजना आहे, तिचा अर्जही वेगळा. ओबीसी मुलामुलींसाठी ज्ञानज्योती सावित्रीबाई फुले आधार योजना, ज्यांना सरकारी वसतिगृह मिळत नाही त्यांच्यासाठी. पुण्यासारख्या शहरात वर्षाला ६० हजार मिळतात, त्यात जेवणाचे ३२ हजार, राहण्याचे २० हजार आणि बाकी ८ हजार निर्वाहाचे. उत्पन्नाची, बारावीच्या मार्कांची अट आहे आणि प्रत्येक जिल्ह्याला ६०० चा कोटा आहे, म्हणून अर्ज सुटला की लगेच भरा, शेवटच्या दिवसाची वाट बघू नका. इतर मागास बहुजन कल्याण विभागाचं जिल्ह्याचं कार्यालय हे बघतं. त्यांची मुलींची वसतिगृहंही आहेत, आधी तिथेच अर्ज टाका. एससी मुलांना अशीच स्वाधार योजना आहे, त्यांनी विश्रांतवाडीच्या सामाजिक न्याय भवनात चौकशी करावी, इथे कुणी वाचत असेल तर सांगून ठेवतो.

आणि विद्यार्थी साहाय्यक समितीचं नाव ऐकलंय का? १९५५ पासून पुण्यात खेड्यातून आलेल्या गरजू मुलांना राहण्याची सोय करून देतात, मुलींसाठीही आहे. त्यांची प्रवेश प्रक्रिया वेगळी असते, मुलाखत होते, बहिणीला सांगा घरची परिस्थिती आहे तशी मोकळेपणाने सांगायची, त्यात लाजण्यासारखं काही नाही. माझे कितीतरी विद्यार्थी तिथे राहून शिकले, चांगल्या ठिकाणी लागले. विद्यापीठाची कमवा व शिका योजनाही असते, पण इंजिनिअरिंगच्या पहिल्या वर्षी प्रॅक्टिकल आणि गणित दोन्ही अंगावर येतं, म्हणून पहिल्या सेमिस्टरला मी तिला त्यात घालणार नाही.

सगळं करूनही कमी पडलं तर सावकार नको, बँकेचं शैक्षणिक कर्ज घ्या. विद्यालक्ष्मी पोर्टलवर अर्ज होतो, साडेसात लाखांपर्यंत तारण लागत नाही.

स्कॉलरशिप_डेस्क:
मास्तर बरोबर बोलले. आणि भाऊ, अर्ज सबमिट केला म्हणजे झालं असं समजू नका. तो आधी कॉलेजच्या लॉगिनला येतो, तिथून पुढे विभागाकडे जातो. काही चुकलं की परत पाठवतात, आणि मुलं लॉगिनच करत नाहीत, मुदत निघून जाते आणि अर्ज तिथेच पडून राहतो. दर आठवड्याला बहिणीला स्टेटस बघायला सांगा. प्रिंट आणि कागद कॉलेजात जमा करताना अर्ज क्रमांकाचा फोटो तुमच्या मोबाईलवर पण ठेवा. आणि कॉलेज सुरू झालं की पहिल्याच आठवड्यात तिला तिथल्या स्कॉलरशिप विभागात नेऊन ओळख करून द्या, पुढची चार वर्षं तिला तिथेच जायचंय.