‘पलसीकर’ की ‘पळशीकर’? मूळ गाव कसं शोधायचं?

इंदूरवाला: इथे कॉलनीच्या पाटीवर आडनाव ‘पलसीकर’ आणि जुन्या मराठी कागदांत ‘पळशीकर’. खरं कोणतं? आणि मूळ गाव कुठलं धरायचं?

मोडीवाचक: खरं ‘पळशीकर’. हिंदी लिहिण्यात ‘ळ’ नाही, म्हणून त्याचा ‘ल’ झाला. काळेंचे ‘काले’ होतात ते असेच. बडोद्याला ही पंचाईत नाही, कारण गुजरातीत ‘ળ’ आहे.

‘पळशी’ हे नाव पळसावरून, आणि ‘-कर’ म्हणजे त्या गावचे. गोची अशी की पळशी एकच नाही: एक पारनेर तालुक्यात, एक माणमध्ये, आणखीही आहेत. त्यामुळे नुसत्या आडनावावरून नकाशात बोट ठेवू नका. आधी कुलदैवत आणि गोत्र लिहून काढा, मग नाशिक-त्र्यंबकच्या तीर्थोपाध्यायांच्या, म्हणजे तिथल्या पुरोहितांच्या, वंशावळीच्या वह्या पाहा. तिथे गाव आणि आडनाव दोन्ही सांगावं लागतं, म्हणून संशयातल्या सगळ्या गावांची यादी सोबत न्या. मोडी लिपीत ऱ्हस्व-दीर्घाचा भेद सहसा पाळत नाहीत, तेव्हा ‘शि’ की ‘शी’ यावर अडून बसू नका.

बडोदेकर: होळकर म्हणजे नीरेकाठच्या होळचे, तोच हा साचा. मात्र ‘-नीस’वाल्यांनी गाव शोधत बसू नये. ते हुद्दे आहेत: चिटणीस म्हणजे पत्रं लिहिणारा, पारसनीस म्हणजे फारसी लिहिणारा. फारसीत ‘नवीस’ म्हणजे लिहिणारा.

इंदूरवाला: कुलदैवत माहीत आहे, गोत्र विचारतो.