मदत हवी आहे: मागचं डावं दार आतूनही उघडेना, बाहेरूनही, वर पेट्रोलचं झाकण अडकलंय

ढोकाळीकर

नमस्कार मंडळी. गाडीतल्या जाणकारांनी जरा लक्ष घालावं. शुक्रवारी आईला डोळ्यांच्या डॉक्टरांकडे वाशीला न्यायचंय, त्याआधी काही जमलं तर बरं होईल.

गाडी एमएच-०४, २०१७ ची हॅचबॅक, कंपनीनेच सीएनजी बसवून दिलेली. मागचं डावं दार अचानक उघडायचं बंद झालं. बाहेरचं हँडल ओढा, आतली कडी ओढा, काही होत नाही. बाकीची तिन्ही दारं आणि डिकी ठणठणीत.

त्यातच पेट्रोलच्या झाकणानेही असहकार पुकारलाय. ड्रायव्हर सीटशेजारी खाली लिव्हर आहे, तो ओढला की झाकण टुणकन पुढे यायचं. आता ते हलतच नाही. आमच्या गाडीत गॅस भरायचं तोंड त्याच झाकणाच्या आत आहे, त्यामुळे गॅसही बंद आणि पेट्रोलही. सध्या टाकीत आहे त्या पेट्रोलवर चाललंय.

दाराचा त्रास आईला होतो. ती कायम मागे डावीकडे बसते. तिला उतरायचं तर आख्ख्या सीटवरून सरकत उजवीकडे यायचं आणि रहदारीच्या बाजूला पाय टाकायचा. घोडबंदर रोडला हे काय प्रकरण आहे ते इथल्या लोकांना सांगायला नको. शिवाय गॅसच्या पंपावर सगळ्यांना खाली उतरवतात, म्हणजे तिथेही तीच कसरत.

नाक्यावरच्या ऑटो-इलेक्ट्रिशियनने वरवर बघून "मॅडम, बीसीएम गेलं" (म्हणजे बॉडी कंट्रोल मॉड्यूल, दारं-दिवे सांभाळणारा गाडीतला छोटा संगणक) असा निकाल दिला. दोन गोष्टी एकदम बंद पडल्या म्हणजे गाडीचा मेंदूच गेला, असं त्याचं म्हणणं. त्याने सांगितलेला आकडा ऐकून मी गाडी घेऊन घरी आले. सर्व्हिस सेंटरवाले म्हणतात गाडी ठेवून जा, पुढच्या आठवड्यात बघू.

खरंच बीसीएम असू शकतं का? की पावसाने काही गंजलंय?

पोहेसांबार

रिमोटचा सेल बदलून बघा. सीआर२०३२ असतो बहुतेक, कुठल्याही घड्याळजीकडे मिळतो.

ढोकाळीकर

@पोहेसांबार, रिमोटवर बाकीची दारं उघडतात हो. सेल ठीक असावा.

जुना_पान्हा

ताई, बीसीएमचं नाव तूर्त काढू नका. तुमचं झाकण लिव्हरने उघडतं म्हणजे ते तारेवर चालतं. सीटखालून एक केबल मागे टाकीपर्यंत जाते, बस्स. सायकलच्या ब्रेकची असते तशी. त्यात वीजच नाही, मग बीसीएम त्याला अडवणार कसं? दोन्ही दुखणी एका वेळी आली म्हणून त्यांचं मूळ एकच असेल असं नाही. ठाण्याच्या पावसात आणि खाडीच्या दमट हवेत अशा जोड्या खूप बघितल्यात.

आता दाराचं. पुढचं नीट बघून सांगा, अंदाजाने नको.

सेंट्रल लॉकचं बटण दाबल्यावर त्या दारातून टक् आवाज येतो का? खिडकीपाशी लॉकचा जो नॉब आहे तो पूर्ण वर येतो की अर्ध्यात थांबतो? त्याच दाराची काच वर-खाली होते का? बाहेरचं हँडल ओढताना नेहमीसारखा जोर लागतो की लुळं वाटतं? आणि सगळ्यात महत्त्वाचं, त्या दाराला चाइल्ड लॉक लावलंय का?

झाकणासाठी एवढंच: लिव्हर ओढताना हाताला कसा लागतो, आणि मागून खट् ऐकू येतं का? एकाने ओढायचं, दुसऱ्याने झाकणाला कान लावायचा.

ढोकाळीकर

बापरे, परीक्षाच! मुलाला घेऊन पार्किंगमध्ये जाऊन आले.

टक् आवाज येतो. नॉब पूर्ण वर येतो, बाकीच्या दारांसारखाच. काच वर-खाली होते. बाहेरचं हँडल मात्र अगदी लुळं आहे, उजव्या दाराशी ताडून पाहिलं तेव्हा फरक कळला. चाइल्ड लॉकचं बहिणीला विचारलं. मे महिन्यात ती आणि भाची आल्या होत्या तेव्हा तिने लावलं होतं म्हणे. काढलं की नाही ते तिला आठवत नाही.

लिव्हर पूर्वीसारखाच लागतो, आणि मागून खट् आवाज येतो.

जुना_पान्हा

झालं तर मग. दाराचा उलगडा तुमच्या उत्तरातच आहे.

चाइल्ड लॉक लागलं की आतली कडी लॅचपासून, म्हणजे दार धरून ठेवणाऱ्या खटक्यापासून, सुटी होते, ती कितीही ओढा, काही होत नाही. मे महिन्यापासून ते दार फक्त बाहेरून उघडत असणार. आईला बाहेरून कुणीतरी दार उघडून देतं, त्यामुळे कुणाच्या लक्षात आलं नाही. आता बाहेरच्या हँडलपासून लॅचपर्यंत एक बारीक सळई जाते, तिला आपण रॉड म्हणतो. ती प्लास्टिकच्या छोट्या क्लिपने अडकवलेली असते. ऊन खाऊन खाऊन ही क्लिप तडकते आणि रॉड निसटतो. हँडल लुळं पडलंय ते त्यामुळे. आतला रस्ता चाइल्ड लॉकने बंद, बाहेरचा क्लिपने. सेंट्रल लॉक बिचारं आपलं काम चोख करतंय, म्हणून टक् येतो आणि नॉब वर येतो. काच चालते म्हणजे दार आणि खांब यांच्यामधल्या रबरी नळीतल्या वायरीही शाबूत आहेत. त्या तुटल्या असत्या तर काच आणि लॉक दोन्ही रुसले असते.

गोम अशी की चाइल्ड लॉकची कळ दाराच्या कडेला, लॅचजवळ असते. दार उघडल्याशिवाय ती दिसतही नाही. त्यामुळे आतून दाराचं पॅड, म्हणजे आतल्या बाजूचं आवरण, काढावं लागणार, तेही दार बंद असताना. अवघड नाही, पण हात वेडेवाकडे घालावे लागतात. मागच्या सीटची बैठक आधी काढा, जागा होते. काच पूर्ण वर. पॅडचे स्क्रू लपवलेले असतात: एक आतल्या कडीच्या वाटीत, एक-दोन हात धरायच्या खाचेत छोट्या टोपणाखाली. स्क्रू काढले की कडेच्या क्लिपा प्लास्टिकच्या पट्टीने सोडवायच्या, लोखंडी स्क्रू ड्रायव्हर घालू नका, पॅडला खळगे पडतात. मग पॅड सरळ वर उचलायचं, कारण ते काचेच्या पट्टीवर टांगलेलं असतं. काचेच्या बटणाचं कनेक्टर सोडवा. आत प्लास्टिकचा कागद काळ्या डिंकाने चिकटवलेला असेल, तो हळूच सोलायचा, फाडायचा नाही. तो फाटला की पावसाचं पाणी थेट गाडीत.

आत हात घालून हँडलकडून येणारा रॉड शोधा आणि तो लॅचला जिथे जोडतो ती पत्ती बोटाने दाबा किंवा ओढा, गाडीगाडीत दिशा वेगळी असते. दार उघडेल.

आता नीट वाचा. दार उघडलं की आनंदाच्या भरात लगेच लावू नका. आधी चाइल्ड लॉक काढा, नवी क्लिप बसवा. मग उघड्या दारातच लॅचच्या तोंडात स्क्रू ड्रायव्हर दाबून लॅच बंद करा, म्हणजे दार बंद झाल्यासारखं लॅचला वाटेल. आता आतली आणि बाहेरची कडी ओढून बघा. दोन्हींनी लॅच सुटला, तरच दार लावा. भले भले मेकॅनिक हे करत नाहीत आणि पुन्हा पॅड खोलत बसतात.

नेरूळ_पश्चिम

क्लिपबिप कशाला, आख्खं लॅच बदलून टाका. कुर्ल्याला सीएसटी रोडवर जुनं मिळून जाईल स्वस्तात.

जुना_पान्हा

@नेरूळ_पश्चिम, लॅच चालतंय हो. तापाला ऑपरेशन कशाला? आणि जुन्या लॅचमधली मोटर किती दिवस टिकेल हे विकणाराही सांगू शकत नाही. अर्धवट टक् होऊन नॉब मध्येच थांबला असता तर तुमचं म्हणणं मान्य.

खाडीकाठ

झाकणाबद्दल मी सांगतो, आमच्या ऐरोलीत हे दर पावसाळ्यात होतं. खट् आवाज आला म्हणजे केबल आणि खिट्टी ठीक. लिव्हर एकदम हलका लागला असता तर केबल निसटली किंवा तुटली, आणि जाम लागला असता तर केबल नाहीतर खिट्टी गंजली. तुमच्या बाबतीत झाकणाला बाहेर ढकलणारी स्प्रिंगची पत्ती मेली आहे, नाहीतर बिजागरीत चिखल बसलाय. एकाने लिव्हर ओढून धरायचा, सोडायचा नाही. दुसऱ्याने झाकणाच्या बिजागरीविरुद्धच्या कडेत जुनं प्लास्टिक कार्ड घालून हलकेच उचलायचं. कार्डाला पातळ फडकं गुंडाळा, रंग जात नाही.

हे जमलं नाही तर डिकीत झाकणाच्या बाजूचं अस्तर बाजूला करा, केबलचं टोक तिथे सापडतं. हाताने ओढा.

पेट्रोल फार खाली जाऊ देऊ नका, टाकीतला पंप पेट्रोलमध्ये बुडालेला राहिला तरच थंड राहतो.

ढोकाळीकर

@खाडीकाठ, झाकण उघडलं!! मुलाने लिव्हर धरला, मी कार्ड घातलं. लगेच जाऊन गॅस भरून आले. पंपावरचा मुलगा म्हणाला, पुन्हा अडकायला नको, तात्पुरतं चिकटपट्टीने अर्धवट लावून ठेवा. तसं केलं.

आणि आज सकाळी गाडी सुरूच होत नाहीये. दिवे लागतात, हॉर्न वाजतो, पण चावी फिरवली की स्टार्टर गप्प. आता काय? खरंच बीसीएम??

खाडीकाठ

ताई, पट्टी काढा आणि झाकण नीट दाबून लावा. मग चावी फिरवा.

ढोकाळीकर

सुरू झाली!!! हे काय होतं?

खाडीकाठ

कंपनीच्या बऱ्याच सीएनजी गाड्यांत त्या झाकणापाशी मायक्रो स्विच असतो. झाकण उघडं असेल तर गाडी सुरू होऊ देत नाही. नळी जोडलेली असताना कुणी गाडी काढली तर? गॅस २०० बारच्या दाबाने भरतात, खेळ नाही तो. पंपावर तुम्हा सगळ्यांना उतरवतात तेही त्याच दाबामुळे. पट्टीने झाकण अर्धवट राहिलं, गाडीला वाटलं गॅस भरणं चालू आहे. पंपावरच्या मुलाला हे ठाऊक असायला हवं होतं खरं तर.

पत्ती नवी घ्या, किरकोळ वस्तू आहे. बिजागरी आणि खिट्टी पाण्याने धुऊन, सुकवून थोडा सिलिकॉन स्प्रे मारा. त्या खळग्यात तळाशी पाणी जायला भोक असतं, ते मातीने बुजलं असेल तर बारीक तारेने मोकळं करा, नाहीतर पाणी साचून पुन्हा गंज.

पोहेसांबार

थोडं अवांतर. आतून न उघडणाऱ्या दाराला हलक्यात घेऊ नका. वंदना टॉकीजजवळ पाणी भरतं तेव्हा गाडी बंद पडली तर? अशा वेळी दाराशी झटत बसू नये, पाणी काचेपर्यंत यायच्या आधी काच खाली करून बाहेर पडावं. काच फोडायची हातोडी ड्रायव्हरच्या हाताशी ठेवावी. डिकीत ठेवलेली काय कामाची?

ढोकाळीकर

दाराची बातमी. माझ्याने पॅड निघालं नसतं, म्हणून वागळे इस्टेटमधल्या एका मेकॅनिककडे गेले. तोही आधी लॅच बदलायचं म्हणत होता. मी जुना_पान्हा यांचं उत्तर त्याला मोठ्याने वाचून दाखवलं. थोडा वेळ माझ्याकडे बघत राहिला, मग सीटची बैठक काढली. क्लिपचे दोन तुकडे दाराच्या तळाशी पडलेले सापडले! चाइल्ड लॉकही लागलेलंच होतं. नवी क्लिप बसवली, मी आग्रहाने स्क्रू ड्रायव्हरवाली तपासणी करून घेतली आणि मगच दार लावू दिलं. खर्च बीसीएमच्या आकड्यापुढे सांगण्यासारखाही नाही.

त्याने दाराच्या तळाची भोकंही मोकळी केली, आत बरंच पाणी होतं. सगळ्यांचे मनापासून आभार. एक शंका: चावीच्या भोकात तेल सोडलं तर चालेल का? चावीने उघडायचं ते दारही जरा अडतंय.

जुना_पान्हा

तेल नको, धूळ धरतं आणि महिन्याभरात चिकट चिखल होतो. चावीच्या भोकात ग्रॅफाइटची भुकटी. लॅचला आधी गंज सोडवणारा स्प्रे, पुसून घ्या, मग पांढरं लिथियम ग्रीस. नुसत्या स्प्रेवर भागवू नका, तो जुनं ग्रीस धुऊन टाकतो आणि स्वतः टिकत नाही.

सीवूड्सवाला

धागा पळवतोय, माफी असावी. माझ्या गाडीत लिव्हरच नाही, झाकण दाबलं की उघडतं. आता दाबलं तर आतच जातं, बाहेर येत नाही. याला काय करावं?

जुना_पान्हा

तुमचं मात्र विजेवर आहे, सेंट्रल लॉकबरोबर उघडतं. डिकी उघडून झाकणाच्या बाजूला कान द्या आणि कुणाला तरी लॉक-अनलॉक करायला सांगा. आवाज येत असेल तर बहुधा खिळीत माती आहे, अनलॉक करून झाकण पुन्हा पुन्हा दाबत राहा, सुटेल. आवाजच नसेल तर आधी फ्यूज बघा, कुठला ते गाडीच्या पुस्तकात असतं. घाई असेल तर डिकीच्या अस्तरामागे बऱ्याच गाड्यांत अडचणीच्या वेळेसाठी एक दोरी किंवा छोटी कडी असते. हळू ओढा, प्लास्टिकची असते. आणि पुढच्या वेळी वेगळा धागा काढा, हा ताईंचा आहे.