सोव्हिएत लेखक संघ: वेसण कुणाच्या हातात होती?

कानामात्रा:
सोव्हिएत साहित्य म्हटलं की सगळे सेन्सॉरवर घसरतात. माझ्या मते खरी वेसण लेखक संघाकडे होती आणि ती पोटातून ओवलेली होती. 23 एप्रिल 1932 च्या ठरावाने कम्युनिस्ट पक्षाने ‘राप्प’ या सर्वहारा लेखकांच्या संघटनेसह लेखकांच्या निरनिराळ्या संघटना मोडीत काढल्या, ऑगस्ट 1934 च्या अधिवेशनापासून एकच संघ उरला. त्याच वर्षी त्याचा ‘लितफोंद’, म्हणजे लेखकांचा मदतनिधी, निघाला. आजारपणात मदत, उसनवारी, विश्रामधाम, मॉस्कोजवळच्या पेरेदेल्किनो गावातले दाचे (बागेतली घरं), सगळं तिथून. मानधन लेखी फर्म्यावर: एक फर्मा म्हणजे मोकळ्या जागा धरून 40,000 अक्षरं. कवितेला ओळीवर पैसे. पुस्तक खपलं काय न खपलं काय, फरक नाही. म्हणून तर कादंबऱ्या इतक्या फुगायच्या! आणि संघाचं सभासद-कार्ड नसेल तर? 1961 पासून ‘ऐतखाऊ’ लोकांविरुद्ध हुकूम होता. कवी ब्रोद्स्की अनुवाद करून कमवत होता, पण संघात नव्हता. 1964 मध्ये न्यायाधीशबाईंनी विचारलं, तुला कवी कुणी ठरवलं? शिक्षा पाच वर्षं, उत्तरेकडे हद्दपारी.

गल्लीबोळ:
मग कादंबरीकार ग्रोसमनचं काय? तो तर सभासद होता, युद्धवार्ताहर म्हणून गाजलेला. फेब्रुवारी 1961 मध्ये केजीबीची माणसं घरी आली आणि कादंबरीच्या हस्तलिखिताबरोबर कार्बन पेपर आणि टाइपरायटरची रिबनसुद्धा घेऊन गेली. इथे कार्डाने काय वाचवलं? सेन्सॉरचं खातं, म्हणजे ग्लावलित, 1922 चं. संघाआधी बारा वर्षं. कुठलंही जुनं रशियन पुस्तक उघडून छपाईच्या तपशिलाचं पान बघा. जुळणीला कधी दिलं, छपाईला सही कधी झाली, प्रती किती, आणि बऱ्याचदा मध्येच एक अक्षर व पुढे पाच आकडे. तो ग्लावलितचा परवाना. संघ ही नुसती कँटीन होती हो.

तळटीप:
कँटीन? ग्रोसमनने हस्तलिखित दिलं होतं ‘झ्नाम्या’ला, आणि ते मासिक संघाचंच. ते वर कळवलं गेलं ते तिथूनच. मुळात सेन्सॉर लेखकाला भेटतच नसे. तो बोलायचा फक्त संपादकाशी. त्याच्याकडे काय छापू नये याची जाडजूड यादी: लष्करी ठिकाणं, अपघात, नाव घ्यायचं नाही अशी माणसं. पण कादंबरीचा सूर ‘निराशावादी’ आहे हे यादीत कसं सापडणार? ते काम मासिकाच्या किंवा प्रकाशनाच्या अंतर्गत परीक्षणाचं. परीक्षण लिहिणारे बहुधा संघातलेच लेखक. ते पाठवायचे दुरुस्तीला, मग परत दुरुस्तीला, अशी दोन-तीन वर्षं सहज जायची. सेन्सॉरच्या टेबलावर पोचेपर्यंत कापायला फारसं काही उरतच नसे.

दौत:
सगळे एकाच बाजूने ओढताय. अवार भाषेतला कवी गामझातोव, किर्गिझ कथाकार ऐत्मातोव हे देशभर पोचले ते कुणामुळे? अनुवादाची रीतसर साखळी होती. भाषा जाणणारा ओळीखाली शब्दशः रशियन लिहून देई, त्यावरून रशियन कवी कविता बांधी. अनुवाद कधी कधी मूळ भाषेतल्या वाचकाला ओळखू येऊ नये असा व्हायचा, कबूल. पण त्याच कामावर कवयित्री अख्मातोवाही जगली. आपल्याकडे कवी पदरचे पैसे घालून संग्रह छापतो, ते स्वातंत्र्य म्हणे!

कानामात्रा:
दौत, अख्मातोवाचं नाव घेतलंत, तर 1946 ही घ्या. ऑगस्टमध्ये पक्षाचा ठराव, सप्टेंबरमध्ये तिला आणि विनोदी लेखक झोश्चेंकोला संघातून काढलं आणि दोघांची रेशनकार्डं गेली. युद्धानंतरच्या लेनिनग्राडमध्ये! पुढे अनुवाद मिळाले ते सरकारी प्रकाशनांच्याच दारातून.

आणि गल्लीबोळ, कँटीन म्हणताय तर तिचं शेवटचं बिल बघा. ‘डॉक्टर झिवागो’ लिहिणाऱ्या पास्तरनाकला ऑक्टोबर 1958 मध्ये संघाने काढलं, लितफोंदने नाही. म्हणून तो मेलाही पेरेदेल्किनोच्या दाच्यातच, 30 मे 1960 ला. साहित्यिक वृत्तपत्रात छोटी चौकट आली. त्यात कवी नाही, कादंबरीकार नाही: ‘लेखक, लितफोंदचे सभासद’.