जुन्या गेमचं फोल्डर सापडत नाही

प्रश्न: विंडोज १० वर जुना ३२-बिट गेम टाकलाय. मॉडसाठी (गेममध्ये बदल करणाऱ्या फाइल्स) मूळ फोल्डर हवंय. सेव्ह फाइल्सही दिसत नाहीत.

उत्तर १: शॉर्टकटवर राइट-क्लिक, 'ओपन फाइल लोकेशन'. शॉर्टकट उडवला असेल तर गेम चालू ठेवून टास्क मॅनेजरच्या 'डिटेल्स'मध्ये प्रोसेसवर तेच करा. नुसतं शोधायचं तर 'प्रोग्राम फाइल्स (एक्स८६)' बघा. पुष्कळदा फोल्डर प्रकाशकाच्या नावाने असतं.

उत्तर २: स्टीमचा (गेम विकत घेण्याचं अ‍ॅप) असेल तर तिथल्या लायब्ररीत गेमवर राइट-क्लिक, मॅनेज, ब्राउझ लोकल फाइल्स. संपलं.

उत्तर ३: सेव्हचं प्रकरण निराळं. विंडोज व्हिस्टापासून प्रोग्राम फाइल्समध्ये लिहायला अ‍ॅडमिन परवानगी लागते. ती नसलेल्या जुन्या गेमच्या फाइल्स विंडोज गुपचूप 'अ‍ॅपडेटा\लोकल\व्हर्च्युअलस्टोअर'मध्ये वळवतं. अ‍ॅपडेटा लपवलेलं असतं, आधी फाइल एक्सप्लोररच्या 'व्ह्यू'मध्ये 'हिडन आयटम्स'वर टिक करा. तिथे आयएनआय फाइलची (गेमच्या सेटिंग्जची फाइल) प्रत असेल तर गेम तीच वाचतो, मूळ फाइल कितीही बदला. पुन्हा टाकणार असाल तर सरळ 'सी:\गेम्स'मध्ये टाका.