येंटल, येंटे, येंटा : एका यिद्दिश नावाची कुळकथा

प्रश्न

यिद्दिश या युरोपातील ज्यूंच्या भाषेतून इंग्रजीत आलेली एक कथा मी सध्या मराठीत आणत आहे. तिच्यात येंटे नावाची एक आजी आहे. ती अबोल आणि देवभोळी आहे, कोणाबद्दलही वावगा शब्द तिच्या तोंडून निघत नाही. कथेच्या शेवटी, तिच्या मृत्यूनंतर जन्मलेल्या पणतीचे नाव येंटल ठेवतात. इंग्रजी शब्दकोश उघडला तर 'येंटा' या नोंदीपुढे चहाटळ, लावालाव्या करणारी, दुसऱ्याच्या घरात नाक खुपसणारी बाई असा अर्थ दिलेला आढळतो. लेखकाने हे नाव उपरोधाने योजले असावे का? आणि येंटे व येंटल ही एकच नावे समजून मराठीत एकच रूप वापरले तर चालेल का?

उत्तर

पहिल्या प्रश्नाचे उत्तर ठामपणे 'नाही' असे आहे. आपल्या कथेतील आजीला हे नाव तिच्या आईवडिलांनी दिले तेव्हा त्यात चेष्टेचा लवलेशही नव्हता. येंटल म्हणजे कुलीन, खानदानी, आणि त्यावरून पुढे सौम्य, सुशील स्वभावाची. जुन्या इटालियन व फ्रेंच भाषांत 'जेंतीले', 'जांतिल' अशी विशेषणे होती आणि त्यांवरून मुलींची नावे ठेवली जात. त्या नावाचे यिद्दिश रूप म्हणजे येंटल. या विशेषणांचे मूळ लॅटिनमधील 'जेन्स' या शब्दात आहे. 'जेन्स' म्हणजे कुळ. कुळावरून कुलीन हा शब्द जसा आपल्याकडे झाला, तसाच तिकडे 'जेन्स'वरून 'जेंतिलिस' झाला, आणि 'त्या कुळातला' एवढाच मूळचा कोरडा अर्थ 'चांगल्या कुळातला' असा उजळत गेला.

मराठी वाचकाला याहून जवळची एक गोष्ट सांगण्यासारखी आहे. लॅटिन 'जेन्स' आणि संस्कृत 'जन्' हा धातू भाषाशास्त्राच्या दृष्टीने सख्खे नातलग आहेत. जन, जन्म, जात, जाती हे आपले रोजचे शब्द त्याच मुळातून वाढलेले आहेत. तेव्हा येंटलला मराठीत सर्वांत जवळचे नाव शोधायचे झाले तर ते 'सुजाता' होय. सु म्हणजे चांगली आणि जाता म्हणजे जन्मलेली. अर्थही तोच आणि मूळ धातूही तोच. पोलंडमधील एखाद्या खेड्यातली येंटल आणि सांगलीतली सुजाता या दोघींची नावे एकाच बीजाची आहेत, ही गोष्ट लक्षात आल्यापासून या नावाबद्दल मला विशेष आपुलकी वाटू लागली आहे.

त्याच बीजाला आणखी एक फांदी फुटली, तीही येथेच नोंदवतो. हिब्रू धर्मग्रंथांत 'गोय' म्हणजे राष्ट्र, आणि 'गोयिम' म्हणजे राष्ट्रे, म्हणजेच इस्राएलखेरीज इतर लोक. ख्रिस्ती लॅटिनमध्ये या कल्पनेसाठी 'जेंतिलिस' हाच शब्द वापरात आला आणि त्यातून इंग्रजीतील 'जेंटाइल', म्हणजे ज्यू नसलेला माणूस, हा शब्द घडला. एकाच शब्दातून एका बाजूला ज्यू मुलीचे लाडके नाव आणि दुसऱ्या बाजूला ज्यू नसलेल्यांचे सामान्यनाम निघाले. एका मुळातून इतके उलट अर्थ निघाल्याची उदाहरणे शब्दांच्या इतिहासात फार नाहीत.

आता ध्वनीविषयी. 'जेंतीले'मधील आरंभीचा 'ज' यिद्दिशमध्ये 'य' कसा झाला, असा प्रश्न साहजिकच पडतो. इटली आणि फ्रान्समधील ज्यू कुटुंबे ऱ्हाईन नदीच्या खोऱ्यात येऊन वसली, तेव्हा तेथील जर्मन बोलींत हा 'ज' मूळचा नव्हताच, आणि त्याची जागा जवळच्या 'य'ने घेतली, असे त्याचे स्पष्टीकरण देता येते. मराठी कानाला हा बदल परका वाटू नये. यात्रेची जत्रा आणि योग्याचा जोगी आपण केलाच आहे. फरक एवढाच की आपण 'य'कडून 'ज'कडे गेलो आणि ते 'ज'कडून 'य'कडे आले.

येंटे हे रूप मात्र गैरसमजातून जन्मलेले आहे, आणि तो गैरसमज मोठा गोड आहे. यिद्दिशमध्ये लाडाने हाक मारताना नावाच्या शेवटी 'ल' किंवा 'एले' जोडतात; जसे फेयगेची फेयगल आणि फेयगेले होते. येंटलमधला 'ल' हा मूळ शब्दाचाच भाग होता, पण ऐकणाऱ्यांना तो लाडाचा वाटला, आणि मग लाडाचा प्रत्यय काढून टाकल्यावर जे उरते ते 'खरे' नाव समजून येंटे हे रूप रूढ झाले. अंजली या नावातला 'ली' हा सोनुली, छकुलीमधल्या 'ली'सारखाच असला पाहिजे असे ठरवून कोणी मूळ नाव 'अंज' असल्याचे मानावे, तसे हे घडले.

पुढचा प्रश्न

व्युत्पत्ती पटली. पण धर्मनिष्ठ ज्यू कुटुंबात मुलीला इटालियन किंवा फ्रेंच नाव कसे काय चालत असे? मुलग्यांची नावे तर बहुधा हिब्रूच दिसतात.

उत्तर

याचे कारण प्रार्थनामंदिरातील रीतीत आहे. पुरुषाला तोरा या ज्यू धर्मग्रंथाच्या वाचनासाठी नावाने पुकारले जाते आणि त्यासाठी त्याला 'शेम हाकोदेश', म्हणजे पवित्र भाषेतील नाव, असणे आवश्यक असते. परंपरेने स्त्रियांना तसे पुकारले जात नसे. त्यामुळे मुलीचे नाव ठेवताना घरातली, बाजारातली, शेजाऱ्यांची भाषा मोकळेपणाने वापरता आली. ही मोकळीक वगळले जाण्यातून आली हे खरे. परंतु तिचा परिणाम असा झाला की अश्केनाझी, म्हणजे मध्य आणि पूर्व युरोपातील, ज्यूंच्या स्थलांतराचा सारा इतिहास त्यांच्या पुरुषांच्या नावांपेक्षा बायकांच्या नावांत अधिक स्पष्ट उमटला आहे. येंटल, बेयले म्हणजे सुंदर, टोल्त्से म्हणजे गोड, श्प्रिंत्से म्हणजे आशा, ही नावे रोमान्स, म्हणजे लॅटिनपासून निघालेल्या, भाषांच्या प्रदेशातून आलेली आहेत. गोल्डे म्हणजे सोने, फ्रेयदे म्हणजे आनंद, ब्लूमे म्हणजे फूल, ग्लिकल म्हणजे भाग्य, ही जर्मन प्रदेशातली. पुढे पूर्वेकडे सरकल्यावर झ्लाटे म्हणजे पुन्हा सोनेच, आणि दोब्रे म्हणजे चांगली, अशी स्लाव्ह नावे मिळाली. आजी झ्लाटे आणि नात गोल्डे अशी जोडी एकाच घरात सापडली तर ती एकाच दागिन्याची दोन भाषांतली नावे असतात. सतराव्या शतकात हॅम्बुर्गमध्ये जन्मलेल्या आणि १६९१ पासून आपल्या आठवणी लिहून ठेवणाऱ्या ग्लिकल या व्यापारी स्त्रीचे नाव याच मालेतले आहे.

ही नावे धर्मशास्त्राच्या दृष्टीने हलकी मानली जात होती असे मात्र समजू नये. 'गेट', म्हणजे ज्यू घटस्फोटपत्र, लिहिताना दोघांची नावे अक्षरशः अचूक असावी लागतात. एक अक्षर चुकले तर ते पत्र अवैध ठरण्याचा आणि त्या स्त्रीचा पुनर्विवाह अडण्याचा धोका असे. म्हणून मोठमोठ्या धर्मपंडितांनी बायकांच्या या घरगुती नावांचे शुद्धलेखन ठरवण्यासाठी याद्या केल्या. 'शुल्खान आरुख' या धर्मसंहितेच्या विवाहविषयक भागावर सतराव्या शतकात 'बेत श्मुएल' ही टीका लिहिली गेली, तिच्यात अशी यादी आहे. येंटल हे नाव हिब्रू लिपीतील युद, आयिन, नून, तेत, लामेद या पाच अक्षरांनी लिहितात. येंटे लिहिताना शेवटी लामेदऐवजी जुन्या पद्धतीत आलेफ येतो आणि आधुनिक प्रमाण यिद्दिशमध्ये आयिन येतो. एका सामान्य बाईच्या नावातील शेवटचा स्वर आलेफने लिहावा की आणखी कशाने, यावर विद्वानांनी दिवा जाळून विचार केला, कारण त्या अक्षरावर एका जिवंत बाईचे पुढचे आयुष्य अवलंबून होते.

आणखी एक मत

माझ्या समजुतीप्रमाणे 'येंटा' म्हणजे लग्ने जुळवणारी बाई. एका प्रसिद्ध संगीत नाटकात ती तशीच दाखवली आहे. चहाटळ हा अर्थ त्यावरूनच आला नसेल का?

उत्तर

ही समजूत फार पसरलेली आहे आणि ती चुकीची आहे. लग्ने जुळवणाऱ्याला यिद्दिशमध्ये 'शादखन' म्हणतात, आणि ती बाई असेल तर 'शादखंते'. आपण म्हणता ते संगीत नाटक, 'फिडलर ऑन द रूफ', १९६४ मध्ये ब्रॉडवेवर आले आणि त्यात लग्ने जुळवणाऱ्या पात्राचे नाव येंटे आहे. शोलेम आलेखेम या यिद्दिश लेखकाच्या ज्या तेव्ये-कथांवर ते आधारलेले आहे, त्यांत हे काम एफ्रायिम नावाचा पुरुष करतो. म्हणजे नाटकाने एका पात्राला नाव दिले, आणि प्रेक्षकांनी ते नाव व्यवसायाचे समजून घेतले.

चहाटळ हा अर्थ त्याआधीच रूढ झालेला होता. न्यू यॉर्कमधील 'फोरवर्ट्स' या १८९७ मध्ये सुरू झालेल्या यिद्दिश दैनिकात याकोव्ह आडलर हे विनोदी लेखक 'ब. कोव्हनर' या टोपणनावाने लिहीत. विसाव्या शतकाच्या आरंभीच्या दशकांत त्यांनी येंटे टेलेबेंडे नावाची एक कजाग, तोंडाळ बाई आणि तिचा गांजलेला नवरा मेंडल अशी जोडी उभी केली. ती वाचकांना इतकी आवडली की रंगभूमीवरही गेली, आणि तोंडाळ बाईला 'येंटे' म्हणण्याची सवय तिच्यामुळे पक्की झाली, असे सामान्यतः मानले जाते. अमेरिकन इंग्रजीने शब्द उचलला तो या वळणावर.

याला आपण अर्थापकर्ष म्हणतो, आणि मराठीत त्याचे दाखले घरोघरी आहेत. 'भोचक भवानी' म्हणताना आपल्याला तुळजापूर आठवत नाही. सटवाई बाळाच्या पाचवी-सहावीला येऊन कपाळावर त्याचे नशीब लिहिते, आणि तिचीच 'सटवी' ही शिवी झाली आहे. यातले एक साम्य मला खटकते, ते सांगितल्याशिवाय राहवत नाही. अर्थ खाली घसरतो तो बहुतेक वेळा बाईच्या नावाचा, आणि दोष लावला जातो तो बहुधा तिच्या बोलण्याला.

तरीही भवानीचे आणि येंटेचे नशीब सारखे नाही. 'भोचक भवानी' हा शब्दप्रयोग कितीही वापरला तरी तुळजापूरच्या देवीचा मान तसाच उभा आहे, कारण तिला हाक मारणारी माणसे त्या भाषेत आजही आहेत. येंटेच्या बाबतीत नाव सन्मानाने वापरणारी माणसेच मारली गेली. दुसऱ्या महायुद्धात मारल्या गेलेल्या सुमारे ६० लाख ज्यूंमध्ये बहुसंख्य लोक यिद्दिश बोलणारे होते. वॉर्सात, विल्नोत, गालिशियाच्या खेड्यांत ज्यांच्या आज्या येंटे होत्या, ती घरेच उरली नाहीत. आणि जगाच्या कानावर राहिला तो अमेरिकेतला विनोदी अर्थ. म्हणून शब्दकोशातील नोंद खोटी नसली तरी ती नावाचा अर्थ सांगत नाही, एका व्यक्तिरेखेचा सांगते. हसिदी या ज्यू भक्तिपंथाच्या परंपरेत अठराव्या शतकातील एका येंटेची कथा सांगतात, जिला 'भविष्यवादिनी' म्हणून मान होता. आजही हसिदी कुटुंबांत येंटल आणि येंटी नावाच्या मुली आहेत, आणि त्यांना हे नाव चेष्टेने दिलेले नाही.

एक उपप्रश्न

आमचे अलिबागकडचे शेजारी बेने इस्राएल, म्हणजे कोकणातले ज्यू, होते. त्यांच्याकडे हे नाव कधी ऐकले नाही.

उत्तर

ऐकायला मिळण्याचे कारणच नाही. यिद्दिश ही मध्य आणि पूर्व युरोपातील अश्केनाझी ज्यूंची, जर्मन कुळातली, हिब्रू लिपीत लिहिली जाणारी भाषा आहे. बेने इस्राएलांची मातृभाषा मराठी आहे. दोघांना समाईक आहेत ती बायबलमधली नावे. आपल्याकडची रिबेका तिकडे रिव्हके होते, राहेलची रोखल होते आणि साराची सोरे होते. येंटल त्या समाईक ठेव्यातली नाही.

मूळ प्रश्नकर्त्यांसाठी

आता आपला दुसरा प्रश्न. विशेषनाम म्हणून आलेले येंटे जसेच्या तसे ठेवावे. इंग्रजी वळणाचे 'येंटा' हे रूप आजीसाठी वापरू नये, कारण त्याला तो दुसरा अर्थ चिकटलेला आहे. सामान्यनाम म्हणून कोठे आलेच तर सरळ 'भोचक भवानी' म्हणावे. आणि येंटे व येंटल यांचे एकच रूप मुळीच करू नये. अश्केनाझी लोक हयात माणसाचे नाव मुलाला देत नाहीत, गेलेल्या माणसाचे देतात. तेव्हा पणतीला ते नाव मिळते याचा अर्थच असा की आजी आता नाही. शब्दाच्या इतिहासात येंटल आधीची आणि येंटे नंतरची असली, तरी यिद्दिश कानाला तो शेवटचा 'ल' लाडाचाच ऐकू येतो. पाळण्यातल्या मुलीला येंटल म्हणणे म्हणजे 'आमची छोटी येंटे' असे म्हणणे आहे, आणि तो एक 'ल' गाळला तर आपल्या कथेचे शेवटचे वाक्य अर्धेच राहील.