फेडरल रिझर्व्हचे १९३० मधील अपयश: व्यक्तीचे की रचनेचे?

प्रश्न:
अर्थशास्त्रज्ञ मिल्टन फ्रीडमन आणि ॲना श्वार्ट्झ यांचा १९६३ साली प्रसिद्ध झालेला अमेरिकेचा चलनविषयक इतिहास वाचत आहे. १९२९ ते १९३३ या काळात तेथील पैशाचा साठा (लोकांजवळचे चलन आणि बँकांतील ठेवी) सुमारे एक तृतीयांशाने घटला आणि ती घट थोपवणे हाती असूनही फेडरल रिझर्व्हने, म्हणजे अमेरिकेच्या मध्यवर्ती बँकेने, ती होऊ दिली, हे त्यांचे म्हणणे मला पटते. मात्र न्यूयॉर्क रिझर्व्ह बँकेचे गव्हर्नर बेंजामिन स्ट्राँग १९२८ साली वारले नसते तर पुढचे अनर्थ टळले असते, असे ते सुचवतात तेथे मी अडखळलो. एक माणूस गेल्याने एवढी संस्था निकामी कशी होईल?

प्रतिसाद १:
तो मुद्दा ग्रंथात रचनेशी जोडूनच आला आहे. फेडरल रिझर्व्हच्या न्यूयॉर्कसारख्या बारा प्रादेशिक बँका आणि तिचे वॉशिंग्टनमधील मंडळ यांच्यात अखेरचा शब्द कोणाचा, हे १९१३ च्या कायद्याने नीट ठरवलेले नव्हते आणि स्ट्राँग यांच्या वजनामुळे ही उणीव झाकली गेली होती. त्यांच्यानंतर बाजारात पैसा वाढावा म्हणून सरकारी रोखे खरेदी करण्याचा न्यूयॉर्कचा आग्रह १९३० मध्ये इतर बहुतेक बँकांनी मानला नाही. शिवाय बुडणाऱ्या बँका मुख्यतः लहान आणि फेडरल रिझर्व्हच्या सभासद नसलेल्या होत्या. त्यामुळे ते त्यांच्याच गैरकारभाराचे फळ समजले गेले.

प्रतिसाद २:
माझ्या मते याहून बोलके उदाहरण मिसिसिपी राज्याचे आहे. त्याचा दक्षिण भाग अटलांटा रिझर्व्ह बँकेच्या आणि उत्तर भाग सेंट लुईस रिझर्व्ह बँकेच्या अखत्यारीत होता. नोव्हेंबर १९३० मध्ये नॅशव्हिलची कॉल्डवेल आणि कंपनी ही वित्तसंस्था कोसळल्यावर ठेवीदार घाबरले, तेव्हा अटलांटाने बँकांना सढळ हाताने कर्ज दिले. व्यापार आटला की कर्जही आटले पाहिजे, या समजुतीला धरून बसलेल्या सेंट लुईसने हात आखडता घेतला. अर्थशास्त्रज्ञ गॅरी रिचर्डसन आणि विल्यम ट्रूस्ट यांनी २००९ मध्ये दाखवून दिले, की त्या संकटात उत्तरेकडील बँका अधिक प्रमाणात बुडाल्या. राज्य एकच, कायदाही एकच; फरक होता तो धोरणाचा.

प्रतिसाद ३:
सुवर्णमानाचा, म्हणजे चलन ठरावीक दराने सोन्याशी बांधलेले असण्याचा, विचारही व्हायला हवा. सप्टेंबर १९३१ मध्ये ब्रिटनने सोन्याशी असलेला संबंध तोडल्यावर अमेरिकेतून सोने बाहेर जाऊ लागले, म्हणून ते थोपवण्यासाठी न्यूयॉर्क रिझर्व्ह बँकेने ऐन मंदीत बँकांना कर्ज देण्याचा आपला व्याजदर दीड टक्क्यावरून साडेतीन टक्क्यांवर नेला.

मूळ प्रश्नकर्ता:
आभार. मिसिसिपीमुळे माझा प्रश्न मात्र बदलला आहे. १९३५ च्या कायद्याने अधिकार वॉशिंग्टनकडे एकवटले. ते १९३० मध्येच एकवटलेले असते आणि मंडळाचे मत सेंट लुईससारखे असते, तर अटलांटाला निदान आपल्या भागातील बँका तरी वाचवता आल्या असत्या का?