एलिझाबेथ पार्कमधील गुलाब कधी पाहावेत?

प्रश्न : अमेरिकेतील हार्टफर्ड येथील एलिझाबेथ पार्कमध्ये जुलैअखेरीस जाण्याचा विचार आहे. कमानींवरील वेली गुलाब तेव्हा फुललेले असतील का? आणि या बागेला एवढे महत्त्व कशामुळे मिळाले?

प्रतिसाद १ : कमानींसाठी जात असाल, तर जुलैअखेर म्हणजे उशीरच. तेथील जुने वेली गुलाब वर्षातून एकदाच, साधारण जूनअखेरीस बहरतात. नंतर कमानींवर केवळ हिरवा पाला उरतो. वाफ्यांतील हायब्रीड टी जातीचे गुलाब मात्र थंडी पडेपर्यंत फुलत राहतात.

प्रतिसाद २ : चार्ल्स पाँड यांनी आपली मालमत्ता मृत्युपत्राने शहराला दिली आणि उद्यानाला पत्नी एलिझाबेथ यांचे नाव द्यावे, अशी अट घातली. थिओडोर वर्थ यांनी आखलेली ही गुलाबबाग १९०४ मध्ये खुली झाली. नगरपालिकेने चालवलेली ती अमेरिकेतील सर्वांत जुनी गुलाबबाग मानली जाते.

प्रतिसाद १ : एक राहिले. सुकलेले फूल पाच पर्णिकांच्या (छोट्या उपपानांच्या) पानाच्या किंचित वर तिरके छाटले, की तेथूनच नवी फूट येते. वाफे पाहताना हे तिरके काप जरूर न्याहाळा.